दुपारी बारा वाजताची रात्र

हायरम ट्विचेल एकोणीस वर्षं सहा घोड्यांची टपालगाडी हाकत होता, आणि त्या एकोणीस वर्षांपैकी गावाच्या लक्षात राहिली होती ती चार मिनिटं.

चार मिनिटांचा तपशील असा. १८८३ सालच्या ऑक्टोबरात, दिवेलागणीला, सॉरेल घाटाच्या अरुंद वळणावर एक माणूस खडकाआडून बाहेर आला. तोंडावर पिठाच्या पोत्याचं फडकं, हातात बंदूक. तो म्हणाला, "पेटी." हायरमने पायाखालची ऐवजाची, लोखंडी पट्ट्यांची पेटी उचलली आणि खाली टाकली. माणूस म्हणाला, "आभारी आहे, चला." हायरम निघाला. पंधरा दिवसांनी तो माणूस स्टॉक्टनच्या एका खानावळीत सर्दीने आडवा असताना पकडला गेला आणि त्याच्या बिछान्याखाली ती बंदूक सापडली. तो खुर्चीचा पाय होता. चुलीच्या काजळीने काळा केलेला, चांगला घासलेला, पण पायच.

शेरीफने तो पाय आपल्या कचेरीच्या खिडकीत वर्षभर ठेवला. शेजारच्या गावांतून लोक बघायला आले. एवढी गर्दी गावात त्याआधी फक्त एका फाशीला जमली होती.

तेव्हापासून बेकर्स फोर्कमध्ये हायरम कुठेही गेला की कोणीतरी त्याच्यासाठी खुर्ची ओढायचं आणि म्हणायचं, "बस हायरम, घाबरू नकोस, हिचे चारही पाय जागेवर आहेत." दोन वर्षांनी त्याचं लव्हिनियाशी लग्न झालं तेव्हा आहेरात तीन खुर्च्या आल्या. तिन्ही अजून वापरात आहेत. लव्हिनिया वस्तू वाया घालवणाऱ्यांतली नव्हे.

या विनोदाचा कारखाना म्हणजे दाणावैरणीचा दुकानदार क्लेम हॅसलर. माणूस वाईट नव्हता. कोणी आजारी पडलं तर पहिला तो धावायचा. पण त्याच्याकडे विनोद एकच होता, आणि एकुलत्या गोष्टीची माणूस काळजी घेतो तशी तो त्याची घ्यायचा.

रस्त्यावरचा नियम त्या काळी प्रत्येक गाडीवानाला ठाऊक होता. गाडीवानाच्या दोन हातांत सहा लगाम असतात, बोटागणिक एकेक. त्याने घोडे सांभाळायचे; पेटी सांभाळायला शेजारी बंदूकवाला रखवालदार. रखवालदार नसेल तर पेटी द्यायची, घोडे बुजू द्यायचे नाहीत आणि आतली माणसं मुक्कामाला पोचवायची. त्या संध्याकाळी रखवालदार तापाने मधल्याच ठाण्यावर उतरला होता. टपाल कंपनीने हायरमला चकार शब्द विचारला नाही. गावानेही विचारला नाही, पण गावाचं कारण वेगळं होतं. गावाला उत्तर नको होतं.

रेल्वे आली, टपालगाडी बंद पडली. हायरमने काही वर्षं लाकडं वाहिली, मग गावाची शववाहिका चालवली. दोन घोडे, सावकाश चाल, आणि वेगाबद्दल कधीच तक्रार न करणारे प्रवासी. त्रेसष्टाव्या वर्षी त्याची बोटं रिकाम्या हवेतही लगाम धरल्यासारखी वाकलेली असायची.

१९१२ च्या वसंतात गावाबाहेर चित्रपटवाले आले. दर आठवड्याला एका रिळाचं चित्र काढायचं हा त्यांचा धंदा: सोमवारी गोष्ट ठरायची, शुक्रवारपर्यंत घोडे दमायचे, शनिवारी फिल्म रेल्वेने पूर्वेला जायची. गोष्टी सगळ्या अमेरिकेच्या पश्चिम सरहद्दीवरच्या जुन्या आयुष्याच्या. सोय अशी होती की ते आयुष्य जगलेली माणसं अजून जिवंत होती आणि बहुतेक बेकार होती. कंपनी त्यांना रोजावर घ्यायची, त्यांचंच पूर्वीचं काम त्यांना करायला सांगायची आणि मग ते चुकीचं करतात म्हणून ओरडायची. चित्रांत आवाज नव्हता, त्यामुळे ती माणसं परत काय बोलायची ते पडद्यावर कोणाला कळत नसे. मधूनमधून पाट्या दाखवून प्रेक्षकांना गोष्ट सांगावी लागे. त्या पाट्या लिहायचं काम माझ्याकडे होतं.

दिग्दर्शक मिस्टर लुडेन फिलाडेल्फियाचे. तिथे नाटकं बसवायचे. घोड्यांशी अत्यंत अदबीने वागायचे, कारण त्यांना घोड्यांची भीती वाटायची. त्यांनी कुठूनतरी जुनी टपालगाडी मिळवली, सहा घोडे मिळवले, आणि मग त्यांच्या लक्षात आलं की ते सहा एकाच दिशेला नेऊ शकेल असा माणूस त्या मुलखात एकच उरलाय.

हायरम शववाहिका सोडून आला. पहिला आठवडा त्याने नुसतं जायचं आणि यायचं केलं, डोंगराच्या कडेकडेने, धूळ उडवत. गावातले लोक कुंपणाला टेकून बघायला लागले. क्लेमसुद्धा एक दिवस उभा होता. जाताना म्हणाला, "हात आहे हं म्हाताऱ्याचा." त्या संध्याकाळी हायरमने दोनदा वाढून घेतलं, असं लव्हिनियाने मला सांगितलं.

दुसऱ्या सोमवारी गोष्ट ठरली: टपालगाडीवर दरोडा.

"गाडीवान पेटी टाकतो का?" हायरमने विचारलं.

"टाकतो," लुडेन म्हणाले.

"टाकायलाच हवी?"

"मिस्टर ट्विचेल, त्याने पेटी टाकली नाही तर नायक परत काय आणणार? चोराचा पत्ता?"

"गाडीवान दुसरा कोणी घ्या."

"सहा घोड्यांचा दुसरा कोण आहे?"

हायरमने विचार केला. दुसरा कोणी नव्हता. ह्या गोष्टीचा त्याला आठवडाभर अभिमान वाटला होता. शिवाय आणखी एक गोष्ट लुडेन सहज बोलून गेले होते: चित्र तयार झालं की बेकर्स फोर्कच्या लॉजच्या, म्हणजे गावातल्या बंधुमंडळाच्या, हॉलमध्ये दाखवायचं, गावाने सहकार्य केलं म्हणून. म्हणजे जी चार मिनिटं गावातल्या कोणी पाहिलीच नव्हती आणि तरी सगळ्यांना पाठ होती, ती आता पाच सेंटांत सगळ्यांना बघायला मिळणार होती.

रात्रीच्या जेवणाला काही खास नव्हतं. बीन्स आणि खारवलेलं डुकराचं मांस. हायरम ताटात काटा फिरवत बसला.

"सोडून दे मग," लव्हिनिया म्हणाली.

"सोडलं तर म्हणतील, खोट्या चोरालाही घाबरला."

"आणि केलं तर?"

"केलं तर घाबरून दाखवलंच की मी."

"मग खा तरी. काहीही ठरवलंस तरी हे गारच होणार आहे."

तिलाही कंपनीने प्रवासी म्हणून घेतलं होतं. तिच्याजवळ १८८० च्या सुमाराची टोपी होती, आणि कंपनीच्या कपडेपटातली कुठलीच टोपी इतकी खरी दिसत नव्हती.

मंगळवारी सकाळी हायरम माझ्या तंबूत आला. हॅट हातात. म्हणाला, "तुम्ही त्या पाट्या लिहिता ना? एक लिहाल? 'अंधार पडला होता.' बस, एवढंच."

मी ती लिहून लुडेनना दाखवली. ते म्हणाले, "एक पाटी दहा-अकरा फूट फिल्म खाते. रात्र आहे हे दाखवायला आपण फिल्म निळ्या रंगात बुडवतो. रंग स्वस्त पडतो."

मी हायरमला निरोप दिला. "निळा," तो म्हणाला, आणि हॅट घालून गेला.

निळ्या रात्री काढायच्या तर ऊन लख्ख लागतं. त्यामुळे बुधवारी दुपारी ठीक बारा वाजता, सावल्या घोड्यांच्या पोटाखाली गोळा झालेल्या असताना, रात्र सुरू झाली. चोर म्हणून विल्बर टॉड होता. गुरांचा बाजार बसल्यावर कंपनीत आलेला गुराखी, अगदी भला माणूस. कंपनीकडे खऱ्या पिस्तुलांचे चार नग होते आणि चारही त्या दिवशी पलीकडच्या टेकडीवर नायकाबरोबर गेले होते. विल्बरच्या हातात पाइनच्या लाकडाचं होतं, काळं रंगवलेलं.

हायरमने वरून ते पाहिलं.

"ते लाकडाचं आहे," तो म्हणाला.

"रात्र आहे, मिस्टर ट्विचेल," लुडेन भोंग्यातून म्हणाले.

"मुठीजवळचा खिळा दिसतोय मला."

"रात्री खिळा दिसत नाही."

"मला दिसतोय."

"हायरम," विल्बर खालून म्हणाला, "मी बोट ठेवतो खिळ्यावर. मग?"

हायरमने गाडी मागे नेली, वळवली. आत लव्हिनिया, नायिकेचं काम करणारी मिस डेव्हेरो, आणि पाद्री म्हणून गावातला सुतार. कॅमेरावाल्याने दांडा फिरवायला सुरुवात केली. गाडी वळणावर आली. विल्बर खडकाआडून बाहेर पडला, खिळ्यावर बोट ठेवून, आणि हात वर केला.

एकोणतीस वर्षांपूर्वी त्याच हायरमला संधिप्रकाशात काही दिसलं नव्हतं. आता भर उन्हात सगळं दिसत होतं: लाकूड, रंग, रंगाचा ओघळसुद्धा. त्याच्या बोटांनी लगाम आवळण्याऐवजी सैल सोडले. चाबूक कडाडला.

विल्बर टॉडने काटेरी झुडपांत उडी घेतली. कंपनीतली ती त्याची सर्वांत खरी उडी होती, पण कॅमेरा तोपर्यंत धुळीने भरला होता. गाडी पाव मैल गेली. वळणावर तिची मागची चाकं दरीच्या बाजूला हातभर सरकली, कडेचे दगड खाली गेले, आणि ते खाली पोचल्याचा आवाज बऱ्याच वेळाने आला.

हायरमने घोडे आवरले. दार उघडलं. सुतार पहिला उतरला आणि रस्त्याच्या कडेला जाऊन बसला. तो प्रार्थना करत होता की ओकत होता हे पाठमोरं कळत नव्हतं. मिस डेव्हेरोचा ओठ फाटला होता. शेवटी लव्हिनिया उतरली. १८८० ची टोपी चेपून पोळीसारखी झाली होती. ती चाकापाशी उभी राहिली आणि वर बघत म्हणाली,

"हायरम ट्विचेल, तू त्या दिवशी का थांबलास हे मी सत्तावीस वर्षं लोकांना सांगत आले. आत माणसं होती म्हणून थांबला, असं सांगत आले. आज का थांबला नाहीस, ते तू मला सांग."

हायरम आसनावर बसून राहिला.

"लाकडाचं होतं, लव्हिनिया."

"आणि आम्ही? आम्ही कशाचे होतो?"

ती मिस डेव्हेरोला घेऊन सावलीला गेली. आपला रुमाल तिच्या ओठाला लावला आणि पुढची पंधरा मिनिटं नवऱ्याकडे पाहिलंही नाही.

लुडेन धावत आले. भोंगा हातात होता, पण वापरायची गरज नव्हती. वाया गेलेल्या फिल्मबद्दल, फिलाडेल्फियाबद्दल आणि एकंदर म्हाताऱ्या माणसांबद्दल ते बराच वेळ बोलले. हायरम तोवर खाली उतरून प्रत्येक घोड्याचे पाय हाताने चाचपत होता. सहावा घोडा झाल्यावर तो सरळ झाला.

"पुन्हा घ्या," तो म्हणाला.

"पुन्हा? आणि मी कशावरून मानू की..."

"थांबतो मी."

मग तो सावलीत गेला. बायकोला काय म्हणाला ते कोणी ऐकलं नाही, फार काही म्हणालेला दिसला नाही. लव्हिनियाने टोपीत मूठ घालून ती आतून वर काढली, डोक्यावर ठेवली आणि गाडीत जाऊन बसली. ती बसली म्हणून मिस डेव्हेरो बसली, आणि दोन बायका बसल्या म्हणून सुताराला बसावं लागलं.

दुसऱ्यांदा गाडी वळणावर आली. विल्बर बाहेर पडला, गालावर काट्यांचे ओरखडे घेऊन. हायरमचा पाय ब्रेकवर गेला. सहाही घोडे एका रेषेत थांबले. त्याने सगळे लगाम डाव्या हातात घेतले. त्यानंतर लुडेननी सांगितलेलं नव्हतं असं काही त्याने केलं. तो विल्बरकडे बघतच नव्हता. त्याने आधी घोड्यांच्या कानांकडे पाहिलं. मग मान वळवून दरीच्या कडेकडे, चाकापासून ती किती दूर आहे ते. मग कमरेत वाकून खिडकीकडे, आतल्या माणसांकडे. हे सगळं सावकाश, हिशेब जुळवणाऱ्या माणसासारखं. मग त्याने पेटी उचलली आणि खाली टाकली.

"एवढा वेळ काय बघत होता तो?" लुडेन नंतर म्हणाले. "बारा सेकंद. बारा सेकंदांत मी एक लग्न लावून दाखवतो. कापा ते."

कॅमेरावाला म्हणाला, ते कापलं तर रीळ आखूड पडेल; आणि भरपाईची नवी फिल्म पहिल्या खेपेच्या धुळीत गेली आहे. अशा रीतीने, निव्वळ कलात्मक कारणांसाठी, ते बारा सेकंद राहिले.

सात आठवड्यांनी चित्र परत आलं. शनिवारी दुपारी लॉजच्या हॉलच्या खिडक्यांना घोड्यांची कांबळी बांधली. सगळं गाव आलं. क्लेम हॅसलर पुढच्या ओळीत, मांड्या पसरून. आत येताना त्याने हायरमसाठी खुर्ची ओढली होती आणि ठरलेलं वाक्य म्हटलं होतं. लोक ठरल्याप्रमाणे हसले होते. हायरम मागच्या भिंतीला, लव्हिनिया शेजारी. त्याने हॅट गुडघ्यांवर धरली होती आणि तिचा काठ बोटांनी फिरवत होता.

"ती हॅट मी नवीन घेणार नाहीये," लव्हिनिया हळूच म्हणाली. बोटं थांबली.

पियानोवरच्या बाईने घोडदौडीची धून सुरू केली. नायक आला, नायिकेशी भांडला, गेला. मग पडदा निळा झाला.

मी ते दृश्य घेतलं जाताना तिथे हजर होतो. बारा वाजले होते, मला उकडत होतं, विल्बरचं बोट खिळ्यावर होतं. तरीही मला सांगायला हवं की पडद्यावर रात्र होती. निळी, थंड, दाट. गाडी त्या रात्रीतून आली आणि खडकाआडून एक काळी आकृती पुढे झाली. तिच्या हातात जे होतं ते पिस्तूल होतं. कोणीही शपथेवर सांगितलं असतं. पुढच्या ओळीतल्या एका बाईने खाऊची टोपली छातीशी धरली. घोडे थांबले. पियानोवाली पुढे काय वाजवायचं ते न कळून थांबली.

पडद्यावरचा हायरम घोड्यांच्या कानांकडे बघत होता. मग दरीकडे. चित्रातली दरी प्रत्यक्षाहून खोल वाटत होती. मग तो खिडकीकडे वाकला, आणि निळ्या चौकटीत टोपीतल्या एका बाईचा चेहरा दिसला, वर बघणारा. तो अजूनही पेटीला हात लावत नव्हता.

हॉलमध्ये खुर्चीसुद्धा करकरली नाही.

"टाक ना रे," कोणीतरी पुढून म्हणालं. आधी पुटपुटल्यासारखं, मग मोठ्याने. "टाक, हायरम. बघतोस काय, आत बायका आहेत. टाक म्हणतो ना ती पेटी."

पडद्यावरच्या हायरमने पेटी टाकली. अख्ख्या हॉलने श्वास सोडला. गाडी चालू लागली, पियानोही.

तो आवाज कोणाचा होता हे सगळ्यांना कळलं होतं. बोलणाऱ्याला सोडून. त्याला कळायला अर्धं मिनिट लागलं. मग पुढच्या ओळीत क्लेम हॅसलरची मान हळूहळू खांद्यांत गेली. कोणी हसलं नाही. हसण्यासारखं होतं, हे मी नोंदवून ठेवतो. पण जो तो मनातल्या मनात तेच वाक्य म्हणून चुकला होता, त्यामुळे सुरुवात कोणी करायची हा प्रश्न पडला असावा. बाकीच्या चित्रात नायकाने पेटी परत आणली. ती कुठून आणली हे मला त्या गावात नंतर कोणी सांगू शकलं नाही.

लोक बाहेर आले, उन्हात डोळे मिचकावत. एरवी हॉलच्या पायऱ्यांवर लोक रेंगाळतात. त्या दिवशी बऱ्याच जणांना कामं आठवली. दोघातिघांनी जाता जाता हायरमला मान लववली. क्लेम खालच्या पायरीपाशी उभा होता. हायरम आणि लव्हिनिया उतरून येईपर्यंत तो बुटाच्या टोकाने एक खडा इकडून तिकडे करत होता.

"हायरम."

"काय, क्लेम."

"त्या दिवशी." क्लेमने खडा लाथाडला. "आत कोण कोण होतं रे?"

हायरमने त्याच्याकडे पाहिलं. हा प्रश्न त्याला एकोणतीस वर्षांत कोणी विचारला नव्हता, आणि उत्तर इतकी वर्षं तयार असूनही ते कुठून सुरू करायचं हे त्याने ठरवलेलं नव्हतं.

"मी पुढे जाते घरी," लव्हिनिया म्हणाली. "मला माहीत आहे सगळं. जेवण चुलीवर ठेवून आलेय." आणि ती गेली.

"घाट लागायच्या आधीच्या ठाण्यावर," हायरम म्हणाला, "रखवालदाराला ताप भरला."

"ते असू दे. आत कोण होतं?"

"येतो तिकडे. पुढची डावी घोडी होती ती तांबडी, तिचं नाव क्वीनी. डोळ्याने जरा अधू होती, त्यामुळे तिच्या बाजूला कधी फटाकासुद्धा वाजू द्यायचा नाही. तिच्या जोडीला..."

एकूण घोडे सहा होते, आणि हायरम कोणालाही गाळणारा नव्हता. क्लेमने मनगटाने कपाळ पुसलं, पायरीवर धूळ झटकून जागा केली, स्वतः बसला आणि हायरमलाही बसायला सांगितलं. नुसतंच, पुढे काही न जोडता. ते गाडीच्या आतल्या शाळामास्तरीणबाईंपर्यंत आणि दोन महिन्यांचं मूल घेऊन खाणीवर नवऱ्याकडे निघालेल्या त्या पोरीपर्यंत पोचले तेव्हा हॉलच्या खिडक्यांवरची कांबळी सोडून घोड्यांना परत गेली होती.